झाकणाची दुसरी कड

१

बातमी आली तेव्हा मी कूलरमध्ये पाणी भरत होतो.

मंगळवार होता. मे महिन्यात आमच्याकडे ही कामं सकाळी अकराच्या आत उरकावी लागतात. नंतर नळाचं पाणी हाताला चटका देतं. घरात दोन कूलर. एक बैठकीत, दुसरा गार्गीच्या खोलीच्या खिडकीत. बैठकीतला झाला होता. मी पाइप ओढत मागच्या अंगणात गेलो, तो दुसऱ्या टाकीत सोडला आणि पाणी वर चढताना बघत उभा राहिलो. वाळ्याचा वास सुटला होता. आत माझी बायको, दामिनी, कैऱ्या निवडत होती. तिच्याजवळचा फोन वाजला. ती ‘हो’ म्हणाली. कैऱ्या निवडल्याचा आवाज थांबला. मग पुन्हा ‘हो’ म्हणाली, अगदी हळू, दुकानदाराशी बोलताना म्हणतात तसं.

गार्गी आमची एकुलती मुलगी. सव्वीस वर्षांची. सकाळी साडेसातला स्कूटीवर कोराडीकडे गेली होती. अपघात कोराडी रोडवर झाला. याहून जास्त त्याबद्दल मला लिहायचं नाही.

नळ बंद करायचा राहिला. टाकी भरून वाहिली, पाणी खिडकीच्या कठड्यावरून आत उतरलं आणि रात्री आम्ही परत आलो तेव्हा गार्गीच्या खोलीत फरशीवर बोटभर पाणी होतं. त्यात ट्यूबलाइट हलत होती. डबे मेजावर होते म्हणून वाचले.

२

डब्यांबद्दल सांगायला हवं.

गार्गी निलगिरीच्या पानांवर पडणाऱ्या एका रोगावर संशोधन करत होती. कोराडीच्या पलीकडे वीजकेंद्राच्या राखेच्या एका जुन्या बांधावर निलगिरीची लागवड आहे. राख उडू नये म्हणून कधीतरी लावलेली. तीन वर्षांपासून ती झाडं खालून वर झडत चालली होती. आधी सगळ्यात खालच्या पानांवर ओलसर, करडे डाग पडतात. डाग तपकिरी होतात, एकमेकांत मिसळतात, पान भाजल्यासारखं दिसतं आणि गळतं. मग त्याच्या वरचं. शेवटी उंच उघड्या काठीच्या टोकाला पानांचा एक झुपका उरतो. मी एकदा तिच्यासोबत गेलो होतो. तिथं वारा असूनही सळसळ नव्हती, कारण सळसळायला खाली काही उरलंच नव्हतं. ती एकेक पान ओल्या फडक्यानं पुसत होती. “राखेखाली डाग दिसत नाही, बाबा.”

हे सगळं एका बुरशीचं काम होतं. कोणत्या, ते तिला सिद्ध करायचं होतं.

“तुमच्या कथेत माणूस मरते अन् तुम्ही कारण सांगत नाही,” ती मला म्हणायची. “लोक वा वा करतात. आम्ही कारण नाही सांगितलं तर आम्हाले घरी पाठवतात.” घरात ती सरळ बोलायची, पण मला चिडवायचं असलं की तिची भाषा अशी नागपुरी व्हायची.

कॉलेजच्या प्रयोगशाळेचं छत सुट्टीत दुरुस्तीला काढलं होतं, म्हणून प्रयोग घरी आला. तिच्या मेजावर सहा पारदर्शक डबे, मिठाईचे असतात तसे. प्रत्येकात ओला टिपकागद आणि त्यावर निलगिरीची चार निरोगी पानं, पाठ वर करून, कारण ही बुरशी पानाच्या पाठीकडून शिरते. पहिल्या पाच डब्यांत तिनं बुरशीचं पाणी फवारलं. सहाव्यात नुसतं पाणी. सहावा स्वच्छ राहिला तरच बाकीच्या पाचांतला रोग बुरशीचा, असं म्हणता येतं.

मग रोज सकाळी सातला ती झाकण न उघडता वरून बघून प्रत्येक पानाला आकडा द्यायची. डाग नसला तर शून्य. पान पुरतं गेलं तर पाच. भिंतीवर तक्ता होता, त्यात सहा पानांची चित्रं. पहिलं कोरं, शेवटचं काळं. असं अठरा दिवस करायचं होतं. मंगळवारी सकाळी तिनं नवव्या दिवसाचे आकडे लिहिले आणि ताजी पानं आणायला म्हणून निघाली.

३

बुधवारी सकाळी उमाठे सर आले. गार्गीचे मार्गदर्शक. अंगानं भरलेला, हळू बोलणारा माणूस. आमच्यासमोर बराच वेळ गुडघ्यांवर हात ठेवून बसले. मग म्हणाले, “खोली पाहू का जरा?”

मेजाशी उभं राहून त्यांनी वही चाळली.

“नऊ दिवस झाले,” ते म्हणाले. “नऊ दिवसांचं कोणी छापत नाही, केशवराव. अठरा लागतात.”

“मग?”

“मग काय. तीन वर्षांचं काम पोरीचं. या सहा डब्यांपाशी येऊन थांबलं. हलवले तर बिघडतात, अन् मले रोज इकडे येणं होत नाही.” त्यांनी चष्मा काढून पुसला. “तुम्ही घ्याल का रीडिंग?”

“मला त्यातलं काही कळत नाही.”

“कळायचं काही नसते त्यात. तक्त्याकडे पाहाचं, पानाकडे पाहाचं, आकडा लिहाचा. फक्त, दिसलं तेच लिहाचं. शोभेल ते नाही.” मग समोर लिहिणारा माणूस आहे हे आठवून ते ओशाळले. “म्हणजे, तुम्हाले म्हणून नाही म्हटलं मी.”

“माझ्याकडून पुरं झालं तर नाव तिचं लागेल?”

“तिचंच. दुसऱ्या कोणाचं लागते?”

दामिनी दारात उभी होती. ती आत आली नाही. पण माझ्याकडे अशी पाहत होती की नाही म्हणण्याचा प्रश्नच उरला नाही.

उमाठे सरांनी पहिलं पान मला करून दाखवलं. झाकणावर टिचकी मारली, साचलेले थेंब खाली ओघळले, त्यांनी वाकून बघितलं. “हे पाहा. तीन.”

मी वहीत बघितलं. पहिला डबा, पहिलं पान, आदल्या दिवशीचा आकडा: चार.

“चार लिहिलं आहे तिनं,” मी म्हणालो.

ते पुन्हा वाकले. तक्त्याकडे बघितलं, पानाकडे बघितलं. “तीनच आहे,” म्हणाले. “तिनं थोडं जास्त धरलं असेल.” मग स्वतःशीच, “ती जास्त धरत नसे तशी.”

४

नरखेडकडून माझी मोठी बहीण यमुताई आली आणि घराचा ताबा तिनं घेतला. बैठकीच्या कोपऱ्यात, जिथं गार्गीला ठेवलं होतं तिथं, दिवा लावला. दिव्याशेजारी ताटात तांदळाचं पीठ पसरून त्यावर टोपली उपडी ठेवली. गेलेलं माणूस कोणत्या वाटेनं गेलं ते त्या पिठात उमटतं, असं म्हणतात. आमच्याकडे हे एकदाच बघायची रीत. यमुताई रोज सकाळी टोपली उचलून बघत होती.

“काय दिसलं?” दामिनीनं विचारलं.

“काही नाही वं. कोरं आहे.”

“उद्या दिसेल.”

“मुंगी तरी फिराव का नाही? बोट फिरवून ठेवलं तसंच आहे.” तिचं लक्ष माझ्याकडे गेलं. “तू काहून तोंड वाकडं करतं रे केशव? तू तुया पानाईले रोज पाह्यतं. मी पीठ पाह्यलं तर बिघडलं का?”

दामिनीच्या ओठांवर त्या आठवड्यात पहिल्यांदाच हसू आल्यासारखं झालं. मी वही घेऊन गार्गीच्या खोलीत गेलो.

त्या खोलीत मला बरं वाटायचं, हे कबूल केलं पाहिजे. कूलरचा एकसुरी आवाज, खिडकीतून येणारा हिरवट उजेड, ओल्या कागदाचा वास आणि त्याखाली निलगिरीचा, लहानपणी सर्दी झाली की वाफाऱ्यातून यायचा तो. बाहेर पंचेचाळीस अंश तापलेलं शहर दारं लावून पडलेलं. आत मी डोळे मिटले की आपण एखाद्या मोठ्या पानाच्या पाठीशी बसलो आहोत असं वाटायचं. तिथं बसून मी चोवीस पानांना आकडे देत होतो. पहिल्या दिवशी माझे आकडे तिच्या नवव्या दिवसापेक्षा थोडे कमी आले. दुसऱ्या दिवशी आणखी थोडे.

मी उमाठे सरांना फोन केला.

“नव्या माणसाची नजर भीतभीत लिहिते,” ते म्हणाले. “होते असं. लिहीत राहा.”

मला ते पटलं. तरी शुक्रवारी मी एक पारदर्शक कागद दुसऱ्या डब्याच्या झाकणावर ठेवला आणि तिसऱ्या पानावरच्या एका डागाची कड पेनानं गिरवून घेतली. लहानशा होडीच्या आकाराचा डाग होता. शनिवारी तोच कागद त्याच कोपऱ्यांना जुळवून ठेवला. डाग रेषेच्या आत होता. रेष आणि डाग यांच्यामध्ये नखाएवढी पट्टी होती, चारी बाजूंनी. ती हिरवी होती. नव्या पालवीसारखी पोपटी नव्हे. जशी आधी असेल तशी.

मी कागद उलटसुलट करून बघितला. डबा सरकला असेल, माझी मान तिरकी असेल, झाकणावरच्या थेंबांनी डाग मोठा दाखवला असेल. कारणं मी चटचट काढत होतो, आणि प्रत्येक कारण बरोबर असू शकत होतं. फक्त गार्गीचं एक वाक्य मधे येत होतं. राखेच्या बांधावर ती म्हणाली होती, “पान बरं होत नाही, बाबा. माणसाची जखम भरते. पान जखमेभोवती कुंपण घालते फक्त.”

५

रविवारी दुपारी मी तिचे आकडे आणि माझे आकडे शेजारी शेजारी मांडले.

मला आधीच काहीतरी जाणवलं होतं का, सांगता येत नाही. मी तिचा नववा दिवस आणि माझा दहावा जुळवत होतो, ते जुळत नव्हते, म्हणून बोट सहज एक ओळ वर सरकलं. माझा दहावा दिवस तिच्या आठव्यासारखा होता. चोवीसच्या चोवीस आकडे. माझा अकरावा तिच्या सातव्यासारखा. बारावा सहाव्यासारखा. त्या सकाळी मी लिहिलेला चौदावा दिवस तिनं चौथ्या दिवशी लिहून ठेवला होता.

मी वही मिटली. पेन्सिल खाली ठेवताना ती बोटांत लांब वाटली. बुधवारी मी वहीतून काढली तेव्हा अंगठ्याएवढं थोटूक होतं, गार्गी थोटकं शेवटपर्यंत वापरायची. आता ती माझ्या तळहाताच्या बाहेर येत होती. घरात पेन्सिली पुष्कळ, यमुताईनं आवरताना बदलली असेल. मी उठून कूलरची टाकी बघितली. काठोकाठ नव्हती, पण भरत आलेली होती. रोज दोन बादल्या पाणी पिणारा कूलर.

“यात पाणी कोण घालतं?” मी खिडकीतून विचारलं.

“तुम्हीच तर घालता,” अंगणातून दामिनी म्हणाली.

मी मंगळवारनंतर पाइपाला हात लावलेला नव्हता.

परत येऊन मी वहीचं पहिलं पान उघडलं, जे आजवर उघडायची गरज पडली नव्हती. फवारणीच्या दिवसाची नोंद. तिचं सरळ, उभं अक्षर.

‘दिवस ०. रविवार, संध्या. ६. डबे १ ते ५ फवारले. डबा ६ फक्त पाणी. डबा ६, पान ४ उलटं पडलं. तसंच ठेवलं. (बाबा आले नाहीत.)’

ती संध्याकाळ मला आठवत होती. मी बैठकीत माझ्या टेबलाशी लिहीत बसलो होतो. दामिनी स्वयंपाकघरात होती. गार्गीनं आतून हाक मारली, “बाबा, या ना जरा. झाकण धरा.” फवारताना एका हातात फवारा, दुसऱ्यात चिमटा; बाजूच्या डब्यांतली बुरशी उडून सहाव्यात पडू नये म्हणून झाकण तिरपं वर धरायला तिसरा हात लागतो. मी ‘येतो’ म्हणालो. एक परिच्छेद संपत आला होता. तो संपला नाही, आणि मी गेलो नाही. थोड्या वेळानं ती हात पुसत बाहेर आली. म्हणाली, “जाऊ द्या, झालं माझं.” रागावली नव्हती. पण प्रयोगाच्या वहीत, जिथं दिसलं तेच लिहायचं असतं, तिथं तिनं ते लिहून ठेवलं होतं.

मी सहावा डबा बघितला. तीन पानं पाठ वर करून, चौथं पोट वर करून. चकचकीत, गर्द हिरवं. जणू आत्ताच खुडलेलं.

६

मंगळवारी दामिनी खोलीच्या उंबऱ्यापर्यंत आली.

“आज किती?”

“कुठं एक, कुठं दोन.”

“परवा तीन होते.”

मी तिच्याकडे बघितलं. “तू वही बघितलीस?”

“रोज बघते. तुमचा दुपारी डोळा लागतो तेव्हा.” ती चौकटीला टेकली. डोळे कोरडे होते. “आकडे कमी होऊन राहिले.”

“माझी नजर कच्ची आहे. उमाठे म्हणाले तसं.”

“असेल,” ती म्हणाली. “गुरुवारी शून्य येतं.”

गुरुवारी अठरावा दिवस होता. गुरुवारीच दशक्रिया होती.

“त्यांना काय सांगायचं?” मी म्हणालो. “हे आकडे पाहिले तर ते सगळंच रद्द करतील. तिचं नावसुद्धा—”

“नाव राहू द्या हो बाजूला.” दामिनीनं इतक्या वर्षांत माझं बोलणं असं तोडलं नव्हतं. “तिनं कंसात काय लिहिलंय ते वाचलं ना तुम्ही?”

“वाचलं.”

“गुरुवारी सकाळी आपण कन्हान नदीवर. तेव्हा रीडिंग होणारच नाही. संध्याकाळी सहाला घ्या.” ती बाजार ठरवावा तसं ठरवत होती. “मी फवारणीच्या दिवशी ओट्याशी होते. पन्ह्याला कैऱ्या लावल्या होत्या. मी ओट्याशीच राहीन. मी वळूनसुद्धा बघणार नाही. मला तिनं हाक मारलीच नव्हती.”

“दामिनी, अशी हाक-बिक काही येणार नाही.”

“नाही आली तर नाही,” ती म्हणाली. “आली तर या वेळी तरी उठा.”

मागून यमुताईचा आवाज आला. ती केव्हापासून ऐकत होती कोण जाणे. “लहानपणी मायच्या सात हाका झाल्या तरी हा उठत नव्हता. त्याले काय सांगतं तू!” मग तिचा आवाज उतरला. “अन् हे पाय केशव. एका हाकेले ओ देऊ नाही. दुसरी येते का पाहाचं. जिवंत माणूस दोनदा मारते.”

त्या सकाळीही पीठ कोरंच होतं.

७

गुरुवारी कन्हानच्या काठावर सगळं लवकर आटोपलं. कावळा लगेच शिवला. उमाठे सर आले होते, माझ्या दंडाला हात लावून म्हणाले, “मागणं काही राहिलं नाही पोरीचं.” रीडिंगबद्दल त्यांनी विचारलं. मी म्हणालो, शेवटचं आज संध्याकाळी.

सहाला दहा मिनिटं होती तेव्हा मी बैठकीत माझ्या टेबलाशी बसलो. तो कागद अजून तिथंच होता, अठरा दिवसांपूर्वीचा, अर्धा परिच्छेद लिहिलेला. मी पेन उघडलं, कारण त्या दिवशी ते उघडं होतं. यमुताई शेजारी गेली होती. स्वयंपाकघरात कुकर चढवल्याचा आवाज आला. दामिनी पाठमोरी उभी असणार. मला ती दिसत नव्हती. माझ्या खुर्चीतून गार्गीच्या खोलीचं दार दिसतं, अर्धं उघडं, आणि त्या फटीतून मेजाचा एक कोपरा. सहावा डबा त्या कोपऱ्यावर असतो.

उन्हं उतरली होती. दोन्ही कूलर चालू होते. त्या दोन घरघरत्या आवाजांत घर हळूहळू कुठंतरी वाहत चालल्यासारखं वाटत होतं. मी घड्याळाकडे बघत नव्हतो. कागदावरचं वाक्य वाचत होतो. ते वाईट नव्हतं.

मग आतला कूलर बंद झाला.

वीज गेली नव्हती. बैठकीतला चालू होता. फवारताना गार्गी कूलर बंद करायची, तुषार उडू नयेत म्हणून. हे मी विसरलो होतो. आता पाती हळूहळू थांबत गेल्याचा आवाज ऐकला आणि आठवलं.

फुस्स. थोडं थांबून पुन्हा, फुस्स. झाकण बसल्याचा बारीक टक् असा आवाज. चप्पल फरशीवर एक पाऊल सरकली. फुस्स. फुस्स. टक्. मी मोजत होतो, हे मला नंतर कळलं. पाच झाकणं बसली. निलगिरीचा वास दारातून बाहेर आला, इतका ताजा की डोळ्यांत पाणी यावं.

“बाबा, या ना जरा. झाकण धरा.”

आवाजात काही वेगळं नव्हतं. थोडा अस्पष्ट होता, चिमटा दातात धरून बोलल्यासारखा. थोडा वैतागलेला. ज्याला आपलं माणूस शेजारच्या खोलीत आहे हे माहीत असतं, त्याच्या आवाजासारखा.

“येतो,” मी म्हणालो.

फटीतून मेजाचा कोपरा दिसत होता. सहाव्या डब्याचं झाकण एका बाजूनं वर उचललं गेलं. डावीकडची कड एका हातानं धरली होती. मनगटापर्यंतच दिसत होतं, पुढे दार होतं. बोटं ओली होती. माझ्या आठवणीपेक्षा किंचित बारीक. झाकणाची उजवी कड मोकळी होती, माझ्या बाजूला. झाकण थोडं थरथरत होतं. कोणीतरी दुसरी कड धरील म्हणून ते तसं धरून ठेवलेलं होतं.

दुसरी हाक येते का ते मी पाहत होतो, असं मी स्वतःला सांगतो. ते खरं नाही. मी ओ देऊन चुकलो होतो. मी वहीचा विचार करत होतो. वहीत तिच्या हातचे नऊच दिवस भरलेले होते. हा शून्य दिवस. उद्या पहिला, मग दुसरा. नवव्या दिवशी मंगळवार येणार, सकाळी साडेसातला स्कूटी सुरू होणार, आणि मी पाइप घेऊन मागच्या अंगणात उभा असणार. त्या दिवशी तिला अडवता येईल का, हा विचार माझ्या मनात आलाच नाही. तो आता येतो, रोज येतो. त्या वेळी मला फक्त एवढंच दिसत होतं: टाकीत वर चढणारं पाणी, आणि आतून ‘हो’ म्हणणारी दामिनी.

आणि समोर तो परिच्छेदही होता. हेही लिहिलं पाहिजे.

झाकणाची कड खाली आली. टक्.

“जाऊ द्या,” आतून आवाज आला. रागावलेला नव्हता.

मग कूलर सुरू झाला. कुकरची एक शिट्टी झाली, मग दुसरी. दामिनीनं गॅस बंद केला. पदराला हात पुसत ती बाहेर आली. कबूल केल्याप्रमाणे तिनं त्या दाराकडे बघितलं नाही. ती माझ्याकडे बघत होती.

“कुकरच्या आवाजात मला काही ऐकू आलं नाही,” ती म्हणाली. “हाक आली?”

“आली.”

“गेलात ना तुम्ही?”

“हो.”

“झाकण धरलं?”

“धरलं.”

ती तिथंच खाली बसली, भिंतीला पाठ लावून, आणि पदर तोंडाशी नेला. दहा दिवसांत ती पहिल्यांदा रडत होती. बराच वेळ रडली. मग तिनं तोंड पुसलं, उठली, आणि म्हणाली, “पन्हं गाळते. थंड व्हायला वेळ लागेल.” तिचा चेहरा मोकळा झाला होता.

दुसऱ्या दिवशी सकाळी यमुताईनं टोपली उचलली आणि ते ताट मागच्या अंगणात नेऊन धुतलं. काय दिसलं ते तिनं सांगितलं नाही, आम्ही विचारलं नाही.

गार्गीच्या खोलीत मी त्यानंतर गेलेलो नाही. कूलर तिथं चालू आहे. उमाठे सरांचे दोन फोन येऊन गेले; वही पाठवतो असं मी म्हणालो आहे. वहीत अठराव्या दिवसाचा रकाना कोरा आहे.

त्या संध्याकाळी मी खुर्चीतून उठलो नव्हतो.